साडेपाच ते सात, दारावर

६ जानेवारी

मामा,

काल फोनवर मी विचारलं, "मामी कशी आहे?" तर तू म्हणालास, "हो हो, मिळाला." काय मिळाला, मामा? बाटल्यांच्या कारखान्याने तुझे कान खाल्ले ते खाल्ले, आता माझा घसाही खायला निघालाय. त्यापेक्षा पत्र बरं. पत्रात तू मला "हो हो" म्हणून कटवू शकत नाहीस.

बातमी अशी की मला नोकरी लागली. आजारी आणि म्हाताऱ्या माणसांच्या घरी दिवसभर मदतनीस बायका पाठवणारी एक संस्था आहे, तिच्या ऑफिसात. ऑफिस म्हणजे दुकानाच्या वरच्या दोन खोल्या, एक कुरकुरणारा पंखा आणि आमच्या मॅनेजरबाई. माझं काम ऐकून तुला हसू येईल. कामाचे तास लावायचे. कोण किती वाजता पोचलं, किती वाजता निघालं, जादा तास किती झाले, त्याचे पैसे किती. कारखान्याच्या टाईम ऑफिसात बसून तू जन्मभर जे केलंस तेच, फक्त भोंग्याशिवाय. आमच्या बायका मोबाईलवर "पोचले" आणि "निघाले" अशी बटणं दाबतात आणि ते माझ्या कॉम्प्युटरवर उमटतं.

आता घोळ ऐक. पहिल्याच पगाराला तीन जणी माझ्या टेबलासमोर येऊन उभ्या. म्हणे जादा तास कमी लागलेत. मी बेरीज पुन्हा पुन्हा केली, बेरीज बरोबर आहे. पण खोटं बोलणाऱ्या बायकांचे चेहरे तसे नसतात. मला शिकव. तुझ्याशिवाय विचारणार कोणाला?

आणि एक. तुझ्या मागच्या पत्राखाली मामीच्या दोन ओळी नव्हत्या. दरवेळी असतात. "वेळेवर जेव, उन्हात फिरू नकोस" एवढं तरी असतंच. या वेळी का नव्हत्या?

तुझी भिंगरी


११ जानेवारी

भिंगरी,

टाईमकीपरची भाची टाईमकीपर झाली. खाण तशी माती. मी पत्र वाचून इतका खूश झालो की चहा ओट्यावरच विसरलो.

बेरजेचं नंतर बघ. चूक बेरजेत सहसा नसते. मोजायला सुरुवात कुठून केली आणि थांबलो कुठे, तिथे ती बसलेली असते. तुमच्याकडे अर्ध्या तासाच्या आतलं सोडून देतात का? देत असणार. "पंचवीस मिनिटांनी काय होतंय" असं म्हणायची साहेबलोकांना सवय असते. रोजची पंचवीस मिनिटं महिन्याला एक अख्खा दिवस खातात, आणि गंमत म्हणजे तो दिवस नेहमी त्याच माणसाचा जातो. ज्याचं काम वेळेवर संपतं त्याला काही फरक पडत नाही. ज्याच्या हातात काम अडकतं तोच मरतो.

दुसरं, आठवड्याची बेरीज करून जादा काढत असाल तर ते बंद करा. एखादी सोमवारी बारा तास राबली आणि मंगळवारी चारच तास आली, तर कागदावर दोन दिवस बरोबर बसतात. पण सोमवारी मोडलेलं कंबरडं मंगळवारी सरळ होत नसतं. ज्या दिवसाचं त्या दिवशी बघायचं.

आणि एक गोष्ट कोणी शिकवत नाही, ती मी सांगतो. जो फार जादा तास लावतो त्याच्यावर सगळ्यांचा डोळा असतो. तू त्याच्यावर नजर ठेव जो कधीच लावत नाही, रजा मागत नाही, आणि विचारलं की म्हणतो, "काही नाही, सगळं ठीक." आमच्या बाटल्या धुण्याच्या लाईनवर असा एक जण होता. एके दिवशी क्रेटवर बसल्या बसल्या झोपला तो हलवूनही उठेना. पुढे सुधारला, पण आमची पाचावर धारण बसली होती.

मामी बरी आहे. हल्ली थोडं विसरते. वय झालं, दुसरं काय. मीसुद्धा चष्मा डोक्यावर ठेवून घरभर शोधतो. ओळी लिहायचा तिला कंटाळा आला, इतकंच.

तुझा मामा


२० जानेवारी

मामा,

तू तिथे बसून इथलं कसं ओळखलंस? अगदी तसंच निघालं. अर्ध्या तासाच्या आतलं सगळं कॉम्प्युटरच खाऊन टाकत होता आणि मी त्याला बरोबर म्हणत होते.

पण याहून वाईट एक निघालं. त्या तिघींपैकी एक ताई एका आजोबांकडे जाते. त्यांचा मुलगा कामावरून साडेपाचला यायला हवा, तो येतो सव्वासहाला, कधी साडेसहाला. ही बाई साडेपाचला "निघाले" चं बटण दाबते आणि तिथेच बसून राहते. मी विचारलं, अहो मग बटण कशाला दाबता? तर म्हणाली, "परवानगीशिवाय जादा थांबलं की लाल खूण येते ना मॅडम. आणि आजोबांना एकटं टाकून कशी जाऊ? ते गॅसपाशी जातात." म्हणजे बटण खरं, घड्याळ खरं, आणि हिशोब धादांत खोटा. मला इतका राग आला की मी तरातरा मॅनेजरबाईंच्या खोलीत गेले.

त्या वाईट नाहीत रे. सगळं ऐकून घेतलं त्यांनी. मग म्हणाल्या, "पैसे कुठून आणू ते सांग." मी म्हटलं, ज्याचा मुलगा उशिरा येतो त्याच्याकडून. आधीच सांगून ठेवायचं, उशीर झाला तर त्याचे वेगळे. त्यांनी बराच वेळ पेन्सिल चावली आणि एक महिना करून बघू म्हणाल्या. मिनिटामिनिटाचा हिशोब करणारी नवी शीट मी बनवायची. रोज सगळे गेल्यावर थांबून बनवतेय.

आता तुला एक काम. खऱ्या बायकांच्या पगारावर प्रयोग नकोत, म्हणून मला एक खोटा आठवडा लिहून पाठव. कारखान्यातला कुठलाही कामगार घे. जितका वेडावाकडा तितका बरा. माझी शीट त्यावर घासून बघते.

मामीच्या ओळी याही वेळी नव्हत्या. तिला म्हणावं, कंटाळा माझ्या वाट्यालाच का?

भिंगरी


२५ जानेवारी

भिंगरी,

खोटी हजेरी मी आयुष्यात लिहिलेली नाही, त्यामुळे हात चालेना. पण तू मागितलीस, तर घे.

एक कामगार. पुरुष. वयस्क, कायम. काम सुरू पहाटे साडेचार. चहाची सुट्टी नाही. जेवणाला अर्धा तास, पण जागा सोडून जाता येत नाही, तेव्हा ती सुट्टी धरायची की काम ते तू ठरव. (काम धरायचं असतं. पण तुझं उत्तर बघू.) दुपारी दोन ते तीन काम हलकं. साडेपाच ते सात, दारावर. काम बंद रात्री दहा. त्यानंतर हाक आली तर उठायचं, बहुतेक येते. सातही दिवस हेच. आठवडी सुट्टी नाही. बदली माणूस नाही.

वेडावाकडा पाठव म्हणालीस, पण मला सरळच सुचला. घाईत आहे.

मामा


२९ जानेवारी

मामा,

तुझा कामगार शीटमध्ये घातला आणि शीट वरपासून खालपर्यंत लाल झाली. मला वाटलं, माझंच काहीतरी चुकलं. पुन्हा तपासलं. शीट बरोबर आहे. जेवणाची सुट्टी मी कामातच धरली.

मग मी नुसती त्या आकड्यांकडे बघत बसले. तुमची पहिली पाळी सातला सुरू व्हायची. तूच सांगायचास, सहाच्या आधी कारखान्यात चिटपाखरू नसायचं. मग हा साडेचारला कोण उठतो? बाटल्या बनवणाऱ्याला रात्री हाक कोण मारतं? आणि सातही दिवस एकसारखे? ज्याला खोटं लिहायचंय तो माणूस निदान मंगळवारी तरी काहीतरी वेगळं करतो.

मामा, तुला साधं खोटंसुद्धा बोलता येत नाही. खोटा आठवडा मागितला आणि तू स्वतःचा पाठवलास.

मामी "थोडं विसरते" म्हणजे किती विसरते? कधीपासून? मागच्या उन्हाळ्यात मी आले तेव्हा तिने माझ्या चहात दोनदा साखर घातली होती, मी हसले होते. तेव्हापासून? जो रजा मागत नाही आणि "सगळं ठीक" म्हणतो त्याच्यावर नजर ठेव, असं मला कोणी शिकवलं? ठेवली. आता बोल. आणि दारावर दीड तास काय असतं, तेही सांग. घरात चोर येतात का?

आमच्या संस्थेच्या बायका तुमच्या गावातही आहेत. दिवसाचे आठ तास एक जण येईल. तू नुसतं हो म्हण. आईला अजून काही बोललेली नाही. बोलले तर तुझी बहीण संध्याकाळच्या गाडीत बसेल, आणि मग तुझी धडगत नाही.

भिंगरी


३ फेब्रुवारी

भिंगरी,

शीट चांगली केलीस. कामगार काल्पनिक होता असं समज.

घरच्या माणसाचं करायला हजेरी लागत नाही. तुझी मामी इतकी वर्षं पहाटे उठून माझा डबा करत आली, तिने कधी जादा तास मागितले नाहीत. आता मी करतो. त्यात विशेष काही नाही. तिला परकं माणूस चालत नाही, तेव्हा बाई वगैरे नको.

विषय संपला. तुझ्या आईला काही सांगू नकोस.

मामा


१२ फेब्रुवारी

मामी,

हे पत्र तुला आहे. मामा वाचून दाखवेल. मामा, गाळून वाचू नकोस, मला कळेल.

मामी, तुझा नवरा माझ्यावर रागावलाय. पत्राखाली "तुझा" लिहायचंसुद्धा विसरला. रागावू दे. मला तुझ्याशी बोलायचंय.

आज ऑफिसातून निघताना कुठेतरी कारखान्याचा भोंगा वाजला आणि मला तुमचं घर आठवलं. शाळेच्या सुट्टीत मी तुमच्याकडे यायचे. तुम्हाला मूलबाळ नव्हतं, म्हणून ते दोन महिने मी एकटीच लाडोबा. भोंगा झाला की तू हातातलं काम टाकायचीस, आरशासमोर उभी राहून केस सारखे करायचीस आणि दारात जायचीस. मीही तुझ्या मागे. मामा वळणावर दिसेपर्यंत तू आत यायची नाहीस, दूध उतू गेलं तरी. मी एकदा विचारलं होतं, रोजच तर येतो तो, त्यात काय बघायचं? तू म्हणालीस, "मग? न येणाऱ्याची वाट बघू की काय?" आणि आपण दोघी कितीतरी वेळ हसत होतो.

मला तुझी फार आठवण येते. मला बाकी काही नको, तुझ्या हातच्या दोन ओळी पाठव. एक असली तरी चालेल. नुसती रेघ मारलीस तरी चालेल.

तुझीच भिंगरी


२२ फेब्रुवारी

भिंगरी,

तुझं पत्र मी तिला वाचून दाखवलं. एक शब्द गाळला नाही. ती ऐकताना हसत होती. संपल्यावर म्हणाली, "गोड मुलगी आहे. कोणाची?" मी म्हणालो, माझ्या बहिणीची. तर म्हणाली, "असं का? तुम्हाला बहीण आहे होय, दादा?"

मला ती दादा म्हणते. कामाला ठेवलेला कोणी भला माणूस समजते. तुसडेपणा करत नाही, उलट दुपारी आठवणीने विचारते, "दादा, तुम्ही जेवलात का?" एवढी माणुसकी तिची कुठे गेली नाही. फक्त मी गेलो.

तू विचारलंस ना, दारावर काय असतं? कारखान्याचा भोंगा बंद होऊन किती वर्षं झाली, पण साडेपाच झाले की तिला बरोबर कळतं. केस सारखे करते आणि दारात जाऊन उभी राहते. मला सांगते, "दादा, आता तुम्ही जा घरी. आमचे हे येतील इतक्यात." मी म्हणतो, ते येईपर्यंत थांबतो. मग आम्ही दोघं उभे. ती रस्त्याकडे बघते, मी तिच्याकडे. सात वाजले की तिचा चेहरा उतरतो. "आज जादा काम लागलं असेल," म्हणते आणि आत येते. असं रोज. एकदा मला राहवलं नाही, मी म्हणालो, अगं, मीच तो. तर अशी काही घाबरली, भिंगरी, की कोपऱ्यात जाऊन बसली. पुन्हा नाही म्हणालो.

तू म्हणतेस बाई ठेव आणि मोकळा हो. मला भीती वाटते. दिवसभर डोळ्यासमोर असतो म्हणून निदान दादा तरी आहे. चार तास नजरेआड झालो तर तेही पुसलं जाईल. म्हणून दूधसुद्धा मी ती झोपलेली असताना आणतो.

आता खरं ते सगळंच सांगतो. मी थकलोय. गेल्या आठवड्यात तिच्या आंघोळीचं पाणी ओतता ओतता माझा डोळा लागला. माझ्या हातावर सांडलं, फोड आले, ते बरे होतील. ती हातभर अंतरावर बसली होती. तेव्हापासून मला माझाच भरवसा वाटत नाही.

ओळी तिने लिहिल्या नाहीत. पेन हातात दिलं तर ते परत माझ्या खिशाला लावून दिलं. तुझ्यावर रागावलो होतो ते मनात ठेवू नकोस.

तुझा मामा


२६ फेब्रुवारी

माझ्या मामा,

तुझं पत्र मी ऑफिसात वाचलं आणि तिथेच रडले. मॅनेजरबाईंनी दार लोटून घेतलं, पाणी दिलं आणि पंखा माझ्याकडे वळवला. काय झालं म्हणून विचारलं, तर मी पत्रच त्यांच्या हातात दिलं. दिलं ते दिलं, आता तू ओरड.

वाचून झाल्यावर त्यांनी एकदम विचारलं, "ही नवी शीट करायला तू रोज थांबत होतीस ना? तुझे जादा तास कुठे लावलेस?" मी लावलेच नव्हते. सगळ्यांचे लावले, स्वतःचे विसरले. त्या म्हणाल्या, "छान. इथे शहाणपण शिकवतेस आणि स्वतः फुकट राबतेस." समोर बसवून माझ्याकडून लिहून घेतले. चांगले घसघशीत झाले. मी म्हटलं, बाई, मला पैसे नकोत, तास द्या.

तर मामा, माझे जादा तास मी तुला पाठवतेय. सोमवारपासून पंधरा दिवस, सकाळी साडेनऊ ते संध्याकाळी साडेपाच, एक ताई तुझ्याकडे येईल. तिचा पगार त्यातून निघतो. तिने स्वतःच्या आईचं शेवटपर्यंत असंच केलंय, तिला काही नवीन नाही. यात उपकार कसला आलाय? शिकवणी तू घेतलीस, ही तिची फी समज. आणि त्या आठ तासांत तू घरात थांबायचं नाहीस, ही अट आहे. ताईला मी तसं बजावून ठेवलंय.

तुला भीती वाटते की मामी तुला पुसून टाकेल. मलाही वाटते. मला तर ती आधीच विसरली. पण उद्या तू त्या क्रेटवरच्या माणसासारखा बसल्या जागी कोसळलास तर ती दादा कोणाला म्हणेल? तू तिला हवा आहेस. मला तर आहेसच.

आईला सांगितलं. सांगावंच लागलं. ती मार्चअखेरीस येतेय आणि तुझ्याशी बोलणार नाहीये. म्हणजे ती दिवसभर बोलणार, हे तुला ठाऊकच आहे.

तुझी भिंगरी


१० मार्च

भिंगरी,

तू पाठवलेल्या ताई सोमवारी साडेनऊला दारात हजर. मी त्यांना भरपूर सूचना दिल्या. त्यांनी सगळ्या ऐकून घेतल्या, माझ्या हातात माझीच पिशवी दिली आणि म्हणाल्या, "काका, आता निघायचं." माझ्याच घरातून हाकललं मला. मी कोपऱ्यापर्यंत गेलो, परत आलो आणि खिडकीतून डोकावलो. तुझी मामी वाटाणे सोलत होती आणि ताईंना काहीतरी रंगवून सांगत होती. ताईंनी मला बघितलं आणि पडदा ओढून घेतला.

पहिले चार दिवस बसस्टॉपवरच्या बाकावर काढले. गाड्या वेळेवर येतात का ते बघत बसायचो. एकही येत नाही. चार वाजले की धीर सुटायचा आणि मी घरी परतायचो. तुझी मामी "या दादा" म्हणायची आणि माझा जीव भांड्यात पडायचा. मग साडेपाचला ताई जायच्या आणि आम्ही दोघं दारात.

शुक्रवारी केस फार वाढले म्हणून सलूनमध्ये गेलो. खुर्चीत बसलो, त्याने गळ्याभोवती कापड गुंडाळलं, आणि पुढचं मला काही आठवत नाही. जाग आली तेव्हा बाहेर दिवे लागले होते. बिचाऱ्याने केस कापून, दाढी करून मला तसाच झोपू दिला आणि बाकीची गिऱ्हाइकं दुसऱ्या खुर्चीत उरकली. म्हणाला, "काका, लहान मुलासारखे झोपला होतात. उठवायचं जिवावर आलं." समोर घड्याळ बघितलं तर सात वाजत आले होते.

मी धावलो. या वयात मी कसा धावलो असेन ते विचारू नकोस. ताई कधीच्या गेल्या असतील, दार उघडं असेल, ती रस्त्यावर आली असेल, काय काय मनात आलं. वळणावर पोचलो तर दोघी दारात उभ्या होत्या. ताईंची पर्स खांद्याला होती, पण त्या गेल्या नव्हत्या. तुझ्या मामीने केस सारखे केले होते आणि ती रस्त्याकडे बघत होती.

तिने मला वळणावरच पाहिलं. नजर हलवली नाही. मी धापा टाकत पायरीशी आलो, आणि खरं सांगतो, वर बघायची मला भीती वाटत होती. ती म्हणाली, "आलात?"

लग्न झाल्यापासून जसं म्हणायची अगदी तसंच म्हणाली. माझ्या तोंडून नुसतं "हो" निघालं. तिने माझ्या हातातली पिशवी घेतली, कॉलरवरचे बारीक केस झटकले आणि म्हणाली, "किती हा उशीर. जादा काम लागलं होतं ना?" मी पुन्हा हो म्हणालो. मग ती ताईंकडे वळली. "ताई, आता तुम्ही जा घरी. आमचे हे आले."

ताई बराच वेळ खाली वाकून चपला शोधत राहिल्या. चपला त्यांच्या पायातच होत्या.

जेवण होईपर्यंत मी तिचा नवरा होतो. तिने मला वाढलं. शेजारणीची तक्रार सांगितली. ती शेजारीण वारून किती दिवस झाले, पण मी सगळी तक्रार ऐकली आणि शेजारणीला नावंही ठेवली. झोपताना मात्र म्हणाली, "दादा, तेवढा दिवा घालवा." मला वाईट वाटलं. पण जेवण गेलं होतं ना माझ्या घशाखाली तिच्या हातचं. मी दिवा घालवला.

मग पडल्या पडल्या विचार करत होतो. ती इतके महिने कामावर गेलेल्या माणसाची वाट बघत होती आणि मी तिला धरून बसलो होतो. मी कुठे गेलोच नव्हतो, तर येणार कुठून?

रोज जमेल असं नाही. शनिवारी मुद्दाम सातला आलो तर तिने विचारलं, "कोण पाहिजे आपल्याला?" ताईंनी मला सांभाळून घेतलं. रविवारी ताईंना सुट्टी, त्यामुळे मी घरी आणि ती दारात. काल पुन्हा गेलो. वळणावरून चालत आलो आणि तिने आधी हात केला, मग "आलात?" म्हणाली. आजचं आज कळेल.

आता कामाचं. शुक्रवारी ताई दीड तास जास्त थांबल्या, शनिवारी आणि कालही तेवढंच. त्यांनी साडेपाचलाच "निघाले" दाबलं असणार, तू बघ. सगळं दुप्पट दराने लाव. त्या नको म्हणतील, ऐकू नकोस. तुझे पंधरा दिवस संपले की पुढचे पैसे मी देणार, त्यावर वाद नको. फक्त ताईंची वेळ बदलून दे. सकाळी उशिरा येऊ देत, पण सातपर्यंत थांबू देत. मला रोज संध्याकाळी घरी यायचंय.

तुझा मामा